थोरल्या विहिरीचं शूटिंग

शेषेराव सरांनी पाण्याखालची फिल्म काढायचं ठरवलं, तेव्हा लातुरात नळाला आठवडाभर पाणी आलेलं नव्हतं. ही गोष्ट त्यांच्या पत्नीने, म्हणजे लताबाईंनी, लगेच त्यांच्या लक्षात आणून दिली. नवऱ्याच्या डोक्यात खूळ शिरलं की बायको वस्तुस्थिती सांगते आणि नवरा त्या वस्तुस्थितीलाच विरोध समजतो, ही संसाराची जुनी रीत आहे.

खूळ आलं ते केबलवरून. भूकंप होऊन सहा वर्षं झाली होती आणि तेवढ्यात लातूर शहर बारावीच्या पोरांनी भरून गेलं होतं. कुणी गच्चीवर पत्रे टाकून हॉस्टेल काढलं, कुणी स्कूटर रस्त्यावर लावून तिच्या जागेत मेस घातली. सर एका नावाजलेल्या क्लासमध्ये फिजिक्स शिकवत. पहाटेची बॅच, सकाळची बॅच, दुपारची नापास झालेल्यांची आणि संध्याकाळची आणखी हुशार होऊ इच्छिणाऱ्यांची. एकेका बॅचला इतकी पोरं, की मागच्या बाकांपर्यंत पोचायला माइकवर ओरडावं लागे. सर घरी मीठ मागतानाही ओरडत. दिवाळीची म्हणून जी काय दोन दिवसांची सुटी मिळाली, त्या सुटीत जेवता जेवता त्यांना टीव्हीवर एक उघडा परदेशी माणूस दिसला. पाठीवर सिलेंडर नाही, तोंडात नळी नाही. त्यानं छातीभर दम घेतला आणि एका दोरीच्या कडेकडेनं निळ्या समुद्रात खाली निघाला. दुसरा एक जण तसाच दम धरून, हातात कॅमेरा घेऊन त्याच्या मागे. बराच वेळ कसलाच आवाज नव्हता. सरांचा घास हातातच राहिला.

"हे तर आम्ही करायचो," सर म्हणाले.

"समुद्रात?" लताबाईंनी विचारलं.

"विहिरीत. निंबगव्हाणला. दम धरून बुडी मारायची आणि तळाची माती मुठीत घेऊन वर यायचं. माती नाही आणली तर बुडी धरायचे नाहीत."

"मग त्याला टीव्हीवर दाखवून राहिले, तुम्हाला कामून नाही दाखवलं?" असं म्हणून लताबाई भाजी आणायला आत गेल्या.

प्रश्न साधा होता, पण सरांना लागला. दरवर्षी प्रकाशाच्या धड्यात ते फळ्यावर एक मोठं वर्तुळ काढत. पाण्याच्या तळातून वर पाहिलं तर बाहेरचं सगळं जग, म्हणजे आभाळ, काठ, काठावरची माणसं, एका गोल खिडकीत गोळा झालेलं दिसतं, असं सांगत. एवढं सांगून झालं की खडू हातात धरून ते उगीच उभे राहत. मग पुढच्या बाकावरून कुणीतरी विचारी, "सर, हे पेपरला येतं का?" सर म्हणत, "नाही येत." पोरं पेनं खाली ठेवत. त्या खिडकीखाली आपण स्वतः जाऊन आलोय, हे सांगायचं त्यांच्या ओठावर येई आणि घंटा होई.

भाऊबीजेला सर निंबगव्हाणला गेले. तिथं त्यांची थोरली बहीण साखराबाई एकटी राहत असे. सर तिला आक्का म्हणत. निंबगव्हाण म्हणजे आता औशाच्या बाजूचं नवं गाव, भूकंपानंतर सरकारनं बांधून दिलेलं. सरळ रेघेत घरं, सरळ रेघेत गल्ल्या. ज्याला जेवढी जमीन त्याला तेवढ्या खोल्या, त्यामुळे पिढ्यान्‌पिढ्यांचे शेजारी गावाच्या दोन टोकांना जाऊन पडले होते आणि साखर उसनी मागायला सायकल काढावी लागत होती. जुनं गाव तिथून कोसभर अंतरावर. तिथं आता दगडांचे ढीग, बाभळी आणि थोरली विहीर. गंमत अशी की विहिरीचा एकही चिरा हलला नव्हता. गावातलं वर होतं तेवढं पडलं आणि खाली होतं ते जसंच्या तसं राहिलं.

सरांना बुडी शिकवली ती आक्कानं. परकरातली आक्का तळाची माती तर आणायचीच, पण वर यायच्या आधी तिथं एका दगडाला धरून मांडी घालून बसायची. मग आई काठावर यायची आणि वाकून ओरडायची, "वर ये गं, मरतीस का काय." खाली आवाज पोचत नसे. आईचं तोंड तेवढं हलताना दिसे. पुढं आक्काचं लग्न झालं, ती चाकूरकडं गेली आणि सासरच्या विहिरीत सून पोहत नसते. कपाळ पुसून माहेरी परत आली तेव्हा बुड्या मारायचं वय सरलं होतं, मग दम्यानं गाठलं. भूकंपाच्या पहाटे आक्का परगावी होती आणि आई घरात होती. आईचा एकुलता एक फोटो होता, तोही घरातच होता.

सरांनी टीव्हीवरच्या माणसाचं रसभरीत वर्णन केलं. आक्कानं ते नीट ऐकून घेतलं.

"तळाला गेल्यावर वर बघतो का त्यो?" तिनं विचारलं.

"बघत असेल की."

"मला एकदा तिथनं वर बघायचं हाय शेषा. आई बोलवायची तवा कसं दिसायचं, ते आता ध्यानातच येईना झालंय. डोळे मिटून लई बघते, पन न्हाई येत." आक्का थोडं थांबली. "ती विहीर बुजवून टाकणार म्हनं, तुळशीच्या लग्नानंतर. माझ्यात काय दम न्हाई राहिला. तू आपला त्यो कॅमेरा का काय, खाली सोड."

सरांनी शब्द दिला. बहिणीनं भाऊबीजेला ओवाळणीत काहीतरी मागावं आणि भावानं ते कबूल करावं, यात नवल काहीच नव्हतं. इतर भावांना लुगड्याच्या दुकानात जावं लागतं, सरांना ग्रामसेवकाकडं जावं लागलं.

ग्रामसेवक पंचाक्षरी हे सज्जन गृहस्थ होते. त्यांनी सरांना चहा पाजला आणि मग परवानगी देता येणार नाही म्हणून सांगितलं.

"का पण?"

"विहीर बुजवलेली आहे, सर."

"अहो, आत्ता बघून आलो. चांगली भरलीय."

"ते तुम्ही जमिनीवर बघितलं असंल. रेकॉर्डला ती मागच्या उन्हाळ्यातच बुजलीय. आता वरून साहेब तपासणीला येणार, म्हणून तर खरोखर बुजवायची घाई चाललीय."

"मग मी परवानगीशिवाय उतरलो तर?"

पंचाक्षरींनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला. "बुजलेल्या विहिरीत माणूस उतरू शकत नाही. म्हणजे तुम्ही उतरलेच नाहीत. त्याला माझी काहीच हरकत नाही. फक्त बुडू नका सर. तुम्ही बुडालाव तर मला लई तकलीफ हाय. मयत कुठं झालं म्हणून दाखवायचं?" शेवटी, तिथं काहीही घडत नाहीये हे पाहायला आपण स्वतः हजर राहू, असं त्यांनी आश्वासन दिलं.

लातुरात बातमी सरांच्या आधी पोचली होती. समोरच्या घरातले माधवराव पाटबंधाऱ्याच्या कचेरीतून वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त झालेले. सगळी नोकरी पाण्याच्या खात्यात गेली, पण पाणी त्यांनी पाहिलं ते फायलीत. तरी अधिकारवाणीत कमतरता नव्हती. "आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?" त्यांनी सरांच्या पोटाकडं बघत सुरुवात केली. "तुमच्या छातीतच हवा नाही, ती पाण्याखाली कुठून आणाल? आधी दम वाढवा. कानात तिळाचं तेल सोडा. वाटाण्याची उसळ बंद करा, ती पोटात हवा धरते आणि माणूस वर येतो. आणि पोट आत घ्या." प्रत्येक सल्ल्यानंतर ते म्हणत, "आमचं आपलं सांगायचं काम." सांगायचं काम माणसं किती निष्ठेने करतात आणि करायचं काम किती निष्ठेने सांगतात, यावर सरांनी त्या आठवड्यात बराच विचार केला.

दम वाढवायचं मात्र सरांनी मनावर घेतलं. न्हाणीघरात प्यायच्या पाण्याचं पिंप होतं. कुकरची एक शिट्टी झाली की सर त्यात डोकं बुडवत आणि पुढच्या शिट्टीपर्यंत दम धरायचा प्रयत्न करत. पहिल्या दिवशी डाळ जुनी निघाली, शिट्टी लवकर होईना आणि सर नाकातोंडात पाणी जाऊन बाहेर आले. लताबाईंना प्यायच्या पाण्यात नवऱ्याचं डोकं हा प्रकार समजला तेव्हा त्या दिवशीची डाळ कुणालाच मिळाली नाही. त्याहून वाईट म्हणजे, वरच्या खोलीत भाड्यानं राहणाऱ्या एका विद्यार्थ्यानं जिना उतरताना खिडकीतून सरांना पिंपात डोकं घालून निश्चल उभं असलेलं पाहिलं. संध्याकाळपर्यंत सगळ्या क्लासला कळलं की शेषेराव सरांनी जिवाचं बरंवाईट करायचा प्रयत्न केला.

दुसऱ्या दिवशी पालक आले. सरांना वाटलं, आपली विचारपूस करायला आले. मन भरून आलं. पालकांनी हात जोडून विचारलं, "सर, पोर्शन पुरा होईल ना?" क्लासचे संचालक जुने स्नेही, त्यांनी सरांना केबिनमध्ये बोलावून खांद्यावर हात ठेवला. "शेषेराव, आयुष्यात चढउतार असतात. पण जे काय करायचं ते बोर्डाच्या परीक्षेनंतर." सरांनी पाण्याखालच्या फिल्मचा खुलासा केला. संचालकांनी तो ऐकला आणि त्यांच्या चेहऱ्यावरची काळजी आणखी वाढली.

कॅमेऱ्यासाठी व्यंकटी मिळाला. व्यंकटी हा लग्नाचं शूटिंग करणारा. तुळशीचं लग्न लागेपर्यंत माणसांची लग्नं नाहीत, म्हणून मोकळा होता. "सर, हळदीपासून पाठवणीपर्यंत काय म्हणाल ते काढून देतो," तो म्हणाला. "पाण्याखाली काय असतंय?" सर म्हणाले, "काही नसतं. तेच काढायचंय." व्यंकटीनं मान डोलावली. मुलीकडच्यांनी याहून अवघड मागण्या केलेल्या त्यानं पाहिल्या होत्या.

माशाच्या टाक्या करणाऱ्याकडून काचेची बंद पेटी करून घेतली. कॅमेरा आत ठेवून, चालू करून, झाकण मेणानं आणि काचा बसवायच्या लांबीनं लिंपायचं असा बेत. चाचणी लताबाई शाळेत शिकवायला गेल्यावर त्याच पिंपात झाली. व्यंकटीनं रिकामी पेटी दोन्ही हातांनी पाण्यात दाबून धरली, सरांनी बॅटरी मारून पाहिलं, आत थेंब नव्हता. पेटी दाबून का धरावी लागतेय, हा प्रश्न व्यंकटीला पडला नाही, तो दहावीला गणितात गेलेला होता. सरांनाही पडला नाही, आणि सर महाराष्ट्रभरातल्या पोरांना आर्किमिडीज शिकवत होते.

ठरल्या दिवशी सर, लताबाई आणि व्यंकटी जुन्या गावात पोचले. माधवरावही आले होते, आमचं आपलं बघायचं काम म्हणून. विहिरीवर आक्का एकटी असेल असं सरांना वाटत होतं. बघतात तर सगळं निंबगव्हाण तिथं लोटलेलं. यात गावाचं काही चुकलं नव्हतं. भूकंपानंतर जो जो कॅमेरा घेऊन आला, त्याच्या मागोमाग यादी आली होती आणि यादीमागून घोंगड्या, पत्रे, भांडी. कॅमेरा म्हणजे सर्वे, हे आता लहान पोरालाही कळत होतं. ज्याचं त्याचं बिऱ्हाड आपापल्या पडक्या दारात उभं होतं. एक म्हातारा सरांना हाताला धरून आपल्या गोठ्याच्या जागी घेऊन गेला. "हितं दोन बैलं बांधायचो. मागच्या टायमाला एकच लिहिलाव तुमी."

"मामा, मी सर्वेचा नाही. मी पाण्याखालची फिल्म काढतोय."

म्हाताऱ्यानं विचार केला आणि तो पुढच्या माणसाला म्हणाला, "विहिरीच्या तळाला चीर गेलीय म्हनं. ती बघायला आलेत." मग सगळे पडक्या दारांतून निघून विहिरीच्या काठाला आले. पंचाक्षरी खुर्ची टाकून, काहीही घडत नसल्याच्या मुद्रेने बसले.

दुपारचं ऊन विहिरीत उतरलं तशी पेटी पाण्यात सोडली. पेटीनं एक गिरकी घेतली, कॅमेऱ्याच्या बॅटरीच्या वजनानं उताणी झाली आणि भिंग आभाळाकडं करून मजेत तरंगायला लागली.

"सर, हे तर पोहून राहिलं," कुणीतरी म्हणालं.

लोक हसले. लताबाईही हसल्या, पण त्यांनी निदान तोंड फिरवलं. सरांना आपला पगार, आपली पदवी आणि फळ्यावर काढलेल्या सगळ्या आकृत्या एकदम आठवल्या. ते गंभीर आवाजात म्हणाले, "हे अपेक्षितच होतं." मग त्यांनी आणि व्यंकटीनं एका पडक्या घरातून जात्याची तळी उचलून आणली आणि ती पेटीच्या बुडाला दोरखंडानं बांधली. पेटी उताणीच राहू द्यावी असं ठरलं, कारण ती फिरवली तर आतला कॅमेरा सुटेल असं व्यंकटीचं म्हणणं.

"पूजा न्हाई केली, म्हनून असं झालं," सरपंचांच्या पत्नी भामाबाई पुढं होऊन म्हणाल्या. विहिरीत आसरा असतात, पाण्यातल्या बाया. त्यांना विचारल्याशिवाय कुणी तळाला जात नसतं, हे खरंच होतं. आक्कानं ओटीचं सामान बरोबर आणलंच होतं. हिरवा खण, बांगड्या, नारळ, दहीभात. पण हळदीकुंकवाच्या करंड्याला तिनं हात लावला नाही, तो भामाबाईंकडं सरकवला. भामाबाईंनी खण-नारळ पाण्यात सोडला आणि मग नवीन मोटार असो की मोट, जशी पूजा करतात तशी पेटीची केली. कुंकू काचेवर ठरेना. त्यांनी आधी तेलाचं बोट लावलं आणि त्यावर कुंकू दाबून बसवलं, नेमकं भिंगासमोर.

व्यंकटी ओरडला. सर खिशातून रुमाल काढून पुढं झाले.

"पुसू नका," काठावरच्या सगळ्या बाया एका आवाजात म्हणाल्या.

लावलेलं कुंकू पुसायचं, तेही सगळ्यांच्या देखत, हे सरांच्या हातून झालं नसतं. त्यांनी रुमाल परत खिशात ठेवला. आक्का खाली मान घालून उभी होती. पेटी कुंकवासकट खाली गेली, दोरी सैल पडली, म्हणजे तळ लागला.

आता सरांची पाळी. त्यांनी शर्ट-पँट काढून लताबाईंच्या हातात दिली. पट्ट्यापट्ट्यांची चड्डी आणि त्यावर गेल्या सहा वर्षांत मेसच्या सामोशांनी जमवलेलं पोट, अशा अवस्थेत ते पायऱ्या उतरले. "पोट आत घ्या," माधवराव वरून म्हणाले. सरांनी छातीभर दम घेतला आणि बुडी मारली.

आणि सगळा आवाज बंद झाला. माइक, घंटा, पालक, माधवराव, सगळं कुणीतरी बटण दाबून बंद करावं तसं. डोळे उघडले तर हिरवा उजेड, आणि त्या उजेडात चिरे न चिरे ओळखीचे. ह्या चिऱ्याला शेवाळ, हा फुटका, ह्याच्यावर पाय देऊन आक्का खाली झेपावायची. सर हात मारत खाली गेले. कान दुखायला लागले, नाक दाबून फुंकल्यावर ते मोकळे झाले, आणि मग ती जागा आली जिथं पाणी एकदम गार होतं. तिथून खाली आपलं बाळपण आहे, असं सरांना अगदी खरंखुरं वाटलं. ते तिथं आहे, धड आहे, त्याला काही झालेलं नाही, फक्त दोन हात आणखी खाली जायचंय. पण पोट वर ओढत होतं आणि छाती आतून धडका देत होती. तळाची माती अंधारात कुठंतरी होती. सरांनी हात लांब केला, हाताला पाणीच लागलं. मग ते वर फिरले.

वर आल्यावर पहिला आवाज कानात शिरला तो आक्काचा. ती काठावर ओणवी होऊन, पदर सुटलेला, हाका मारत होती. "शेषा, वर ये. वर ये बाबा." दुसरा आवाज त्या गोठेवाल्या म्हाताऱ्याचा. "किती मोठी चीर हाय, सर?"

सर पायरीवर बसून धापा टाकत राहिले. डोळ्यातलं पाणी विहिरीचं म्हणून खपून गेलं.

पेटी वर ओढताना चिऱ्याला आपटली आणि काच तडकली. पाणी आत शिरलं. व्यंकटीनं कॅमेऱ्यातून कॅसेट काढून आपल्या बनियनमध्ये घातली आणि कॅमेरा उलटा धरून पाणी ओतलं. आपल्याला नवा कॅमेरा घ्यायचाच होता असं तो नंतर म्हणाला. त्या वेळी तो जे म्हणाला ते ऐकून आसरांनीही कान झाकले असते.

तुळशीचं लग्न लागलं. बुलडोझर आला, जुन्या गावाचे दगड विहिरीत लोटले गेले आणि रेकॉर्डचा आणि जमिनीचा मेळ बसला. साहेब आले, सपाट जागा पाहून, भजी खाऊन गेले. त्यानंतरच्या रविवारी दुपारी व्यंकटी वाळवलेली कॅसेट घेऊन निंबगव्हाणच्या समाजमंदिरात आला. सरपंचांचा टीव्ही आणला होता. आक्का पुढं सतरंजीवर बसली, तिच्या मागं लताबाई, सर आणि माधवराव, आणि मागं सगळं गाव. तळाला चीर आहे की नाही, हा प्रश्न गावापुढं अजून होताच.

पडद्यावर आधी गुलाबाची फुलं पडली. मग एका लाल बदामातून सरांचा चेहरा फिरत फिरत आला आणि खाली अक्षरं उमटली, चि. शेषेराव. सनई सुरू झाली. "मिक्सिंग केलंय," व्यंकटी अभिमानानं म्हणाला. "नुसतंच हिरवं होतं, बरं दिसेना." मग हिरवं आलं. आणि त्या हिरव्यातून, बरोबर खालून, सरांची पट्टेरी चड्डी अवतरली. दोन पाय बेडकासारखे हलत होते आणि पोटानं आभाळ झाकलं होतं. समाजमंदिर हसून हसून लोळलं. सर मास्तरकीचा सगळा आब एकवटून समोर बघत राहिले. माधवराव शेजारच्याला म्हणाले, "मी सांगितलं होतं, पोट आत घ्या."

"ती पिपाणी बंद कर," आक्का म्हणाली.

व्यंकटीनं आवाज बंद केला. सर पडद्यावरून बाजूला झाले, बुडबुडे वर गेले, पाणी निवळत गेलं. आणि मग ते गोल दिसलं. मधे आभाळ, कडेनं काठ, आणि काठावर सगळीकडून वाकलेली डोकी. पटके, टोप्या, पदर. मधे एक लाल डाग, पण त्याच्या आजूबाजूचं सगळं स्वच्छ. एक पडकी भिंत दिसत नव्हती, एक दगड दिसत नव्हता. हा मी, ती तू, तो बघ आपला मामा, अशी ओळखाओळख झाली, आणि हळूहळू ती थांबली. जुन्या जागेवर सगळं गाव उभं होतं. शेजारी शेजाऱ्याला खेटून उभा होता. सहा वर्षांत हे कुणी पाहिलं नव्हतं. चीर बघायला आलेला म्हातारा टोपी काढून हातात घेऊन बसला.

तेवढ्यात काठावरचं एक तोंड बाकीच्यांपेक्षा जास्त खाली वाकलं. पदर सुटला होता, ओठ हलत होते. ते वाकलं आणि त्याचं कपाळ बरोबर त्या लाल डागाखाली आलं. पाण्यानं तोंड लांबत होतं, आखडत होतं, पण कपाळावरचं ठसठशीत कुंकू जागचं हललं नाही.

सरांनी लुगडं ओळखलं. लताबाईंनीही ओळखलं, त्यांनी सरांचा हात धरला.

आक्का सरकत सरकत टीव्हीच्या जवळ गेली. वीस वर्षांत तिनं आरशात आपलं कपाळ मोकळंच पाहिलं होतं. एवढं कुंकू लावलेल्या तोंडात तिनं स्वतःला कशाला शोधावं?

"आई हाय," ती म्हणाली.

भामाबाईंनी बोलायला तोंड उघडलं, पडद्याकडं पाहिलं आणि पदराचं टोक तोंडात धरलं. आक्कानं मागं वळून सरांकडं पाहिलं. "शेषा, आईच हाय नव्हं?"

शेषेराव सर दिवसभर माइकवरून शेकडो पोरांच्या चुका दुरुस्त करत. चुकीचं उत्तर त्यांना क्षणभर सहन होत नसे.

"हाव, आक्का," ते म्हणाले. "आईच हाय."

आक्का पुन्हा पडद्याकडं वळली. सरांच्या लक्षात आलं की तिच्या पाठीची हालचाल थांबलीय. तिनं दम धरला होता. आक्का दम्याची बाई, म्हणून लताबाई घाईनं उठायला लागल्या, सरांनी त्यांना खाली बसवलं. पडद्यावरचं तोंड हलत होतं, ओरडत होतं, हातानं बोलावत होतं. आक्का मांडी घालून, एक हात सतरंजीवर घट्ट रोवून, वर बघत राहिली.

मग तिनं श्वास सोडला. लांब, शेवटपर्यंत, आणि त्याच्या शेवटाला खोकला आला. खोकता खोकताच ती पडद्याला म्हणाली, "आले गं आई. आले."

व्यंकटीनं, कुणी सांगितलं नव्हतं तरी, कॅसेट मागं घेतली.